काळाचे पोलीस आणि मेकॅनिक्सचं लेक्चर

गेल्या पीएलमधली गोष्ट. रात्रीचा दीड वाजला होता. आमच्या विंगमधल्या सात-आठ जणांनी "फक्त एक एपिसोड" म्हणून 'लोकी' लावली होती आणि तो "एक एपिसोड" आता चौथ्यांदा संपत आला होता. ज्यांनी ही मालिका पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. मार्व्हलच्या या मालिकेत टीव्हीए, म्हणजे टाइम व्हेरियन्स ऑथॉरिटी नावाचं एक खातं आहे. खातंच म्हणायचं, कारण तिथे फायलींचे ढीग आहेत, टोकन घेऊन रांगेत उभं राहावं लागतं आणि टेबलामागे कंटाळलेले कारकून बसलेले आहेत. काळ एका ठरलेल्या मार्गावरून चालला आहे की नाही हे पाहणं त्यांचं काम. कोणी मार्ग सोडला की त्याला उचलायचं, आणि काळाला जो नवा फाटा फुटला असेल तो छाटून टाकायचा.

"बरोबरच आहे ना," आमचा सिव्हिलवाला म्हणाला, "नाहीतर सगळा गोंधळ होईल."

"पण तो मार्ग ठरवला कोणी?" कॉम्प्सवाल्याने विचारलं.

झालं! तिथून जो वाद पेटला तो सकाळी मेसच्या पोह्यांपर्यंत चालू होता. मी मात्र गप्प बसलो होतो. कारण हा प्रश्न मला माझ्या वायडीच्या वर्षी पडला होता, आणि तेव्हा त्यात गंमत वाटण्याच्या मनःस्थितीत मी नव्हतो. ती गोष्ट शेवटी सांगतो. आधी या काळाच्या पोलिसांची नीट ओळख करून घेऊ, कारण टीव्हीए हे काही पहिलं पोलीस ठाणं नव्हे.

पोलीस हवेतच कशाला?

भूतकाळात जायचं म्हटलं की पहिला धोंडा पायात येतो तो 'आजोबांचा'. समजा मी मागे गेलो आणि माझ्या आजोबांचं लग्नच मोडलं. मग बाबा नाहीत, म्हणून मी नाही. पण मी नाही तर मागे गेलं कोण? आणि मागे कोणी गेलंच नाही, तर आजोबांचं लग्न थाटात पार पडलं, म्हणजे मी आहेच! इलेक्ट्रॉनिक्सवाल्यांना हे लगेच कळेल. नॉट गेटचा आउटपुट त्याच्याच इनपुटला जोडून बघा. शून्य असेल तर एक होतं, एक असेल तर शून्य. उत्तर ठरतच नाही.

दुसरा धोंडा दिसायला लहान आहे, पण जास्त त्रास देणारा. १९५२ साली रे ब्रॅडबरी या अमेरिकन लेखकाने एक कथा लिहिली. तिच्यात काही शिकारी डायनोसॉर मारायला कोट्यवधी वर्षं मागे जातात. आखून दिलेली वाट सोडायची नाही अशी त्यांना सक्त ताकीद असते. एक जण घाबरून वाट सोडतो आणि त्याच्या बुटाखाली एक फुलपाखरू चिरडतं. परत येऊन बघतात तर पाट्यांवरचं स्पेलिंग बदललेलं आणि निवडणुकीत भलताच माणूस निवडून आलेला!

त्यानंतर नऊ वर्षांनी, १९६१ मध्ये, एडवर्ड लॉरेन्झ हे हवामानशास्त्रज्ञ कॉम्प्युटरवर हवामानाचं एक मॉडेल चालवत होते. जुना रन मधूनच पुन्हा सुरू करण्यासाठी त्यांनी ०.५०६१२७ ऐवजी प्रिंटआउटवरचा ०.५०६ हा आकडा टाकला आणि कॉफी प्यायला गेले. परत येऊन पाहिलं तर थोड्या वेळाने दोन्ही रनचा एकमेकांशी काही संबंधच उरला नव्हता. आपण प्रॅक्टिकलला तिसऱ्या दशांश स्थळानंतर बिनधास्त राउंड ऑफ करतो, तोच प्रकार. पुढे १९७२ मध्ये त्यांनी एका व्याख्यानाच्या शीर्षकातच ब्राझीलमधलं फुलपाखरू आणि टेक्सासमधलं वादळ घातलं, आणि 'बटरफ्लाय इफेक्ट' हा शब्द घराघरात पोचला.

आता विचार करा. टाइम मशीन आहे, ते वापरता येतं, आणि एका फुलपाखराने इतिहास बदलतो. अशा जगात एकही गोष्ट दुसऱ्या दिवशी जागेवर सापडायची नाही. म्हणून लेखकांना पहारेकरी लागले. गुप्त संघटना, कडक नियम, काळाबाहेर कुठेतरी असलेलं मुख्यालय. गंमत म्हणजे या प्रकारातल्या दोन सर्वांत गाजलेल्या संघटना एकाच वर्षी, १९५५ मध्ये, आल्या. आणि दोन्हींचा स्वभाव एकमेकांच्या अगदी उलट आहे.

जाहिरात वाचून मिळालेली नोकरी

पहिली म्हणजे पोल अँडरसनची 'टाइम पॅट्रोल'. हिचा नायक मान्स एव्हरार्ड हा आपल्याच जातकुळीतला. अमेरिकन लष्कराच्या इंजिनिअर विभागात लेफ्टनंट होता, मशीन डिझाइन आणि प्रॉडक्शनचा अनुभव आहे, आणि नोकरी शोधतोय! वर्तमानपत्रातली एक मोघम जाहिरात वाचून तो न्यूयॉर्कमध्ये मुलाखतीला जातो आणि थेट काळाच्या पोलिसांत भरती होतो. ट्रेनिंग सेंटर कुठे? सुमारे तीन कोटी वर्षांपूर्वीच्या अमेरिकेत. तिथे माणूसच नाही, त्यामुळे कोणी बघायला येण्याची भीती नाही. (आमच्या प्लेसमेंट सेलने नोंद घ्यावी. बाँड किती वर्षांचा होता ते मात्र विचारू नये.)

अँडरसनचा काळ ब्रॅडबरीच्या काळापेक्षा दणकट आहे. तो रबरासारखा आहे. थोडा ताणला तर आपोआप पुन्हा जागेवर येतो. एखाद-दुसरं फुलपाखरू मेलं तर इतिहासाला पत्ताही लागत नाही. पण काही मोजक्या नाजूक जागा असतात. तिथे बोट लावलं की सगळंच घसरतं. पॅट्रोलचा पहारा मुख्यतः अशा जागांवर.

याच मालिकेत, त्याच वर्षी आलेली 'डेलेंडा एस्ट' ही कथा मला सगळ्यांत जास्त बोचली. ख्रिस्तपूर्व २१८ मध्ये टिसिनस नदीकाठी हॅनिबल आणि रोमन सैन्याची लढाई झाली. खऱ्या इतिहासात रोमन सेनापती सिपिओ जखमी होऊन वाचला आणि त्याच्याच मुलाने पुढे हॅनिबलला हरवलं. कथेत दोन काळगुन्हेगार तिथे घुसतात आणि बापलेक दोघंही मारले जातात. परिणाम? रोम संपतं, कार्थेज जिंकतं. एव्हरार्ड विसाव्या शतकातल्या न्यूयॉर्कमध्ये परततो तर तिथे वेगळंच शहर, वेगळी भाषा, वेगळे देव. वाफेवरची यंत्रं आहेत, पण आपल्याला माहीत असलेलं विज्ञान नाही.

आता एव्हरार्डचं कर्तव्य स्पष्ट आहे. मागे जा, सिपिओला वाचव, इतिहास 'दुरुस्त' कर. पण त्या चुकीच्या जगातही माणसं आहेत. त्यांची लग्नं झाली आहेत, त्यांना मुलंबाळं आहेत, त्यांच्यातल्या एका तरुणीने एव्हरार्डला मदत केली आहे. दुरुस्ती म्हणजे त्या सगळ्यांचं कधीही नसणं. तो दुरुस्ती करतो. त्या तरुणीला तेवढं बरोबर घेतो, पण तिचं आख्खं जग जातं.

आणि पॅट्रोल स्थापन कोणी केली? दहा लाख वर्षांहून पुढच्या भविष्यातल्या डॅनेलियन नावाच्या लोकांनी. ते माणसाचे पुढचे वंशज. ज्या इतिहासातून ते स्वतः जन्माला येतात, तेवढाच इतिहास त्यांना 'खरा' वाटतो. साहजिक आहे. पण म्हणजे परीक्षार्थीनेच पेपर सेट केला की हो!

इटर्निटी: सगळ्यांचं भलं करणारी संघटना

दुसरी संघटना आयझॅक अॅसिमॉव्हच्या 'द एंड ऑफ इटर्निटी' या कादंबरीतली. (कादंबरी वाचायची असेल त्यांनी हा भाग सोडून पुढे जावं. शेवट सांगणार आहे. नंतर रूमवर येऊन भांडू नये.)

पॅट्रोलचे पोलीस इतिहास जसा आहे तसा जपतात. इटर्निटीवाले तो जाणूनबुजून बदलतात, पुन्हा पुन्हा बदलतात, आणि तोही माणसाच्या भल्यासाठी. सत्ताविसाव्या शतकात स्थापन झालेली ही संघटना काळाच्या बाहेर राहते आणि 'केटल' नावाच्या वाहनांतून हजारो शतकं वर-खाली फिरते. सामान्य लोकांना वाटतं, हे एका शतकातून दुसऱ्या शतकात माल पोचवणारे व्यापारी आहेत. आतली खरी कामं वेगळीच. एक गट एखाद्या शतकात जाऊन निरीक्षण करतो. 'कॉम्प्युटर' हे तिथे हुद्द्याचं नाव आहे. ही माणसं हिशेब मांडतात की अमुक युद्ध, अमुक व्यसन, अमुक आपत्ती टाळायची तर काय केलं पाहिजे. आणि शेवटी 'टेक्निशियन' जातो आणि प्रत्यक्ष बदल करून येतो.

त्या बदलाचा नियम इंजिनिअरला आवडेल असा आहे: किमान आवश्यक बदल. जास्तीत जास्त परिणाम साधायचा, पण धक्का अगदी कमीत कमी द्यायचा. कंट्रोल सिस्टिम्सचे सर ऐकतील तर खूश होतील. कादंबरीचा नायक अँड्र्यू हार्लन हा असाच एक टेक्निशियन. तो एका शतकात जातो, एक डबा एका फळीवरून उचलून दुसऱ्या फळीवर ठेवतो आणि परत येतो. बस्स! आणि त्या शतकातल्या माणसांनी उभारलेला अंतराळयानांचा तळ ओस पडतो, यानं गंजून जातात. म्हणजे आधी भरभराटीत होता आणि मग ओस पडला असं नव्हे. तो आता कायमचाच तसा होता.

पण मला अडकवलं ते त्याच्या आधीच्या एका कामगिरीने. हार्लनने एका यंत्रात थोडासा बिघाड केला. त्यामुळे एक तरुण मेकॅनिक्सच्या लेक्चरला पोचू शकला नाही. लेक्चर चुकलं म्हणून तो पुढे सौर ऊर्जेच्या इंजिनिअरिंगकडे वळलाच नाही. म्हणून एक साधा शोध दहा वर्षं लांबला. आणि म्हणून पुढच्या शतकातलं एक युद्ध झालंच नाही!

मंडळी, एक लेक्चर बंक केल्याने युद्ध टळल्याचं जागतिक साहित्यातलं माझ्या माहितीतलं हे एकमेव उदाहरण. अटेंडन्सच्या अर्जाला जोडायला हरकत नाही. पण हसून झाल्यावर त्या मुलाचा विचार करा. तो एका लेक्चरला निघाला होता. त्याला त्यात रस होता. युद्ध टळलं हे उत्तमच, पण त्याला कोणी विचारलं नाही, नंतर कोणी सांगितलंही नाही. त्याला आयुष्यभर वाटत राहिलं असणार की आपल्याला त्या विषयात गती नव्हतीच.

इटर्निटीतले लोक दुष्ट नाहीत. हेच या कादंबरीचं बळ आहे. ते कामसू, हुशार, त्यागी लोक आहेत. त्यांना स्वतःचं घर नाही, आणि टेक्निशियनला तर सहकारीही टाळतात, जणू सगळ्यांचं पाप एकट्या त्याच्याच अंगावर आहे. मग हार्लनला चारशे ब्याऐंशीव्या शतकातली नोईस भेटते, तो प्रेमात पडतो आणि त्याला कळतं की पुढच्या ठरलेल्या बदलात ही मुलगी, जशी आहे तशी, उरणार नाही. तेव्हा कुठे आकडेमोडीतला माणूस त्याला दिसतो. तो नियम मोडतो, तिला दूरच्या शतकांत लपवतो, आणि रागाच्या भरात इटर्निटीच्या पायालाच हात घालतो. जो माणूस चोविसाव्या शतकात पोचल्यामुळे इटर्निटी जन्माला येणार आहे, त्याला तो भलत्याच काळात, विसाव्या शतकात, फेकून देतो.

तो हरवलेला माणूस मदत मागतो कशी? १९३२ सालच्या एका मासिकात जाहिरात देऊन! शेअर बाजाराची साधी जाहिरात, पण ओळींची पहिली अक्षरं जोडली की 'अॅटम' हा शब्द तयार होतो आणि मागे चित्र अणुस्फोटाच्या ढगाचं. १९३२ मध्ये ते चित्र काढणारा माणूस भविष्यातूनच आलेला असणार. अॅसिमॉव्हला ही कल्पना खरोखरच एका जुन्या मासिकावरून सुचली होती. त्यातलं चित्र त्याला अणुस्फोटाच्या ढगासारखं वाटलं, प्रत्यक्षात ते गरम पाण्याच्या कारंज्याचं होतं.

शेवटी नोईस हार्लनला खरी गोष्ट सांगते. ती चारशे ब्याऐंशीव्या शतकातली नाहीच, फार पुढच्या काळातून आली आहे. इटर्निटीने प्रत्येक वेळी धोका टाळला. युद्धं कमी केली, दुःख कमी केलं, सरासरी सुख वाढवलं. पण मोठी झेप नेहमी धोक्याच्या आसपासच असते, त्यामुळे तीही प्रत्येक वेळी छाटली गेली. अंतराळप्रवास तर दर वेळी. अखेर माणूस ताऱ्यांपर्यंत पोचला तेव्हा फार उशीर झाला होता. तिथल्या जागा इतरांनी भरल्या होत्या. माणसं घरी परतली, त्यांची उमेद संपली आणि हळूहळू माणूसजातही.

ऑप्टिमायझेशन शिकताना आपल्याला सांगतात की जे ऑब्जेक्टिव्ह फंक्शनमध्ये लिहिलं नाही त्याची सॉल्व्हर पर्वा करत नाही. इटर्निटीच्या फंक्शनमध्ये सुख होतं, सुरक्षितता होती. माणसाचं स्वतःचं ठरवणं तेवढं लिहायचं राहिलं होतं. हार्लन आणि नोईस १९३२ मध्येच राहतात, ती इटलीतल्या एका शास्त्रज्ञाला पत्र पाठवायचं ठरवते म्हणजे अणुयुग कित्येक शतकं अलीकडे येईल, आणि इटर्निटी कधी नव्हतीच अशी होऊन जाते. अणुबॉम्बचा धोका पत्करून! १९५५ साली, हिरोशिमानंतर दहाच वर्षांनी, हे लिहायला धाडस लागलं असेल. मला तो सौदा आजही पूर्ण पटत नाही. पण प्रश्न पटतो.

पुन्हा टीव्हीए

आता आमच्या विंगमधल्या भांडणाकडे. टीव्हीए कॉमिक्समध्ये १९८६ साली 'थॉर'च्या एका अंकात पहिल्यांदा आली, आणि 'लोकी' मालिका २०२१ मध्ये. पहिल्या सीझनच्या शेवटी कळतं की तो 'पवित्र' मार्ग कोणा देवाने आखलेला नाही. एकटा एक माणूस शेवटाला बसला आहे, आणि आपल्याच इतर रूपांशी पुन्हा युद्ध होऊ नये म्हणून त्याने बाकीचे सगळे फाटे छाटले आहेत. म्हणजे डॅनेलियनांचंच दुकान, नवी पाटी. २०२३ च्या दुसऱ्या सीझनमध्ये लोकी छाटायचंही नाकारतो आणि सोडून द्यायचंही. सगळे फाटे हातात धरून तो एकटा बसतो. आमच्या कॉम्प्सवाल्याचा प्रश्न बरोबर होता इतकंच म्हणतो आणि पुढे जातो.

खऱ्या विश्वात पोलीस आहेत का?

स्टाफरूममधले वाचक आता घड्याळ बघत असतील, म्हणून थोडं फिजिक्स. १९४९ मध्ये कुर्ट ग्योडेल यांनी आइनस्टाइनच्या समीकरणांचं असं एक उत्तर काढलं, ज्यात सगळं विश्व फिरतं आहे आणि काही वाटांनी गेलं तर माणूस स्वतःच्याच भूतकाळात पोचतो. आपलं विश्व तसं फिरताना दिसत नाही, पण समीकरणं "नाही" म्हणत नाहीत हे कळलं. १९८८ मध्ये किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वर्महोलचं टाइम मशीन कसं होऊ शकेल ते मांडलं.

मग आजोबांचं काय? इथे तीन उत्तरं आहेत. रशियन शास्त्रज्ञ इगोर नोव्हिकोव्ह म्हणतात, विसंगती घडूच शकत नाही. बिलियर्डचा चेंडू वर्महोलमधून थोड्या आधीच्या काळात बाहेर आला आणि स्वतःलाच धडकला, तर आत जाणारच नाही, मग बाहेर कसा येईल? थॉर्न यांच्या गटाने गणित केलं तेव्हा सुसंगत उत्तरंही सापडली. चेंडू किंचित तिरका बाहेर येतो, स्वतःला फक्त घासून जातो, आणि त्या घासण्यामुळेच तो आत तिरका जातो. म्हणजे पोलिसांची गरजच नाही, भूतकाळ बदलताच येत नाही.

दुसरं उत्तर स्टीफन हॉकिंग यांचं, १९९२ सालचं. त्यांचा तर्क असा की टाइम मशीन तयार होऊ लागलं की निसर्गाचे नियमच ते मोडून टाकतात. म्हणजे पोलीस आहेत, पण ते भौतिकशास्त्रातच मुरलेले! २८ जून २००९ रोजी हॉकिंग यांनी काळप्रवाशांसाठी पार्टी ठेवली आणि आमंत्रणं पार्टी संपल्यावर जाहीर केली. कोणीही आलं नाही.

तिसरं उत्तर ह्यू एव्हरेट यांच्या १९५७ च्या कल्पनेवर उभं आहे: क्वांटम पातळीवरच्या प्रत्येक शक्यतेची शाखा खरी असते. डेव्हिड डॉइश यांनी १९९१ मध्ये ही कल्पना काळप्रवासाला लावून पाहिली. तुम्ही मागे गेलात तर दुसऱ्याच शाखेत पोचता. तुमचे आजोबा त्यांच्या शाखेत सुखरूप राहतात.

पानिपतावर पोलीस नव्हते

हे तिसरं उत्तर मराठी वाचकाला नवं नाही. पुण्याच्या आयुकाचे संस्थापक संचालक जयंत नारळीकर यांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आठवा. सीबीएसईवाल्यांनी ती अकरावीच्या इंग्रजीच्या पुस्तकात वाचली असेल. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अपघातानंतर अशा एका जगात पोचतात, जिथे १७६१ च्या पानिपतात विश्वासरावांना गोळी चाटून गेली, लागली नाही, आणि मराठे जिंकले. मुंबईत मात्र ईस्ट इंडिया कंपनी अजून ठाण मांडून आहे!

या कथेत एकही पहारेकरी नाही हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं. गंगाधरपंतांना पकडायला कोणी येत नाही, ते जग छाटायला कोणी येत नाही. तेही जग खरं, हेही खरं. आपल्याला लहानपणापासून सलणारं पानिपत 'दुरुस्त' झालेलं जग नारळीकर दाखवतात, पण त्यासाठी आपलं जग पुसत नाहीत. नारळीकर सर २० मे २०२५ रोजी गेले. त्या आठवड्यात मी ही कथा पुन्हा वाचली आणि मला माझी वायडी आठवली.

टाइमटेबलची एक ओळ

सेकंड इयरला माझे काही विषय राहिले होते, पण एटीकेटीच्या मर्यादेत बसत होते. फक्त एम-थ्री निघायला हवा होता. मी नोटीस बोर्डवरून टाइमटेबल वहीत उतरवलं आणि उतरवताना एक ओळ खाली सरकलो. पेपर सकाळचा होता. मी दुपारी पोचलो. हॉलबाहेर मुलं पेपर डिस्कस करत उभी होती.

चूक माझी, पूर्णपणे माझी. वर्ष गेलं. पण त्याचं बिल एकट्या माझ्या नावावर आलं नाही. त्याच वर्षी धाकटी बहीण दहावी झाली होती. तिला शहरात ठेवून सायन्स करायचं असं घरात ठरलं होतं. माझं एक वर्ष वाढलं, खर्च वाढला, बाबांनी हिशेब केला, आणि ती तालुक्याच्या गावी डिप्लोमाला गेली. घरात कोणी मला एका शब्दाने बोललं नाही. तेच जास्त लागलं.

त्या वर्षी मी 'द एंड ऑफ इटर्निटी' वाचली. आणि खरं सांगतो, पहिल्या वाचनात मी पूर्णपणे इटर्निटीच्या बाजूने होतो. माझ्यासाठी किमान आवश्यक बदल काय? एका टेक्निशियनने यावं आणि नोटीस बोर्डापुढे माझं बोट एक ओळ वर सरकवावं. डबा उचलण्याइतकंही कष्टाचं नाही. रात्री कॉटवर पडून मी तो हिशेब कितीदा केला असेल! बोट वर, पेपर दिला, वर्ष वाचलं, ती सायन्सला.

गेल्या दिवाळीत घरी गेल्यावर हे सगळं मी तिला गच्चीवर बसून सांगितलं. ती आता डिप्लोमाच्या शेवटच्या वर्षाला आहे. वाटलं होतं, ती म्हणेल जाऊ दे रे. तिने आधी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे दादा, माझी ही तीन वर्षं तू पुसून टाकणार. माझ्या मैत्रिणी, माझं वर्कशॉप, लेथवर मी पहिल्यांदा जॉब नीट केला तो दिवस. आणि मला विचारणार पण नाहीस?"

मी म्हटलं, "अगं, तुझ्या भल्यासाठीच."

"तेव्हा पण मला कोणी विचारलं नव्हतं," ती म्हणाली. "आता तू पण नको विचारूस. सगळ्यांनी भलंच करा."

मग खाली आईने हाक मारली आणि विषय तिथेच राहिला.

जे होतं ते चांगल्यासाठी, असं मी म्हणणार नाही. बाबांचे पैसे गेले ते गेलेच. तिला सायन्स करायचं होतं तेही खरंच होतं. पण तिचा राग कुठे होता ते मला उशिरा कळलं. डिप्लोमा मिळाला यावर नव्हता. तिच्या आयुष्याचा हिशेब दोनदा मांडला गेला, एकदा बाबांनी आणि एकदा मी, आणि दोन्ही वेळी ती फक्त एक आकडा होती. मेकॅनिक्सच्या लेक्चरला निघालेल्या त्या मुलासारखी.

शेवटी

भूतकाळ आपल्या हातात नाही. नोव्हिकोव्ह आणि हॉकिंग दोघांचाही कल तिकडेच आहे. पण दुसऱ्यांच्या पुढच्या काळाचे पोलीस आपण रोज होतो. ज्युनिअर विचारायला येतो, "दादा, ही ब्रँच घेऊ का?" आणि आपण त्याचं म्हणणं न ऐकताच धोक्याचे फाटे छाटायला बसतो. "त्यात स्कोप नाही." "ते इलेक्टिव्ह घेऊ नकोस, सर मार्क देत नाहीत." सगळं त्याच्या भल्यासाठी! सल्ला जरूर द्यावा. पण आधी "तुला काय करायचंय?" एवढं विचारावं. इटर्निटीने हजारो शतकांत विचारलं नाही, मी तीन वर्षांत विचारलं नाही. आता मी विचारायचं ठरवलंय, आणि सुरुवात घरापासून केली आहे. तिला डायरेक्ट सेकंड इयरला यायचंय. ब्रँच तिची ती ठरवणार आहे. मी फक्त फॉर्मच्या तारखा बघणार आहे, आणि त्या दोनदा तपासून!

'द एंड ऑफ इटर्निटी'ची एक प्रत आपल्या लायब्ररीत आहे. सध्या ती माझ्याकडेच आहे आणि तिची तारीख उलटून गेली आहे. हा अंक हातात पडेपर्यंत परत केलेली असेल. म्हणजे, काळाने काही गडबड केली नाही तर.